तार उंच, गाडी मधली, बुलेट कागदावर

दिल्लीहून जयपूरला येताना रेवाडी सोडल्यावर खिडकीतून वर पाहिलं की एक गोष्ट नजरेत भरते. विजेची तार फार उंच आहे. मुंबई-पुण्याकडे रुळांपासून साडेपाच-पावणेसहा मीटरवर दिसणारी तार इथे साडेसात मीटरच्या घरात गेलेली असते. खांबही त्याच हिशेबाने वाढलेले. नव्या माणसाला वाटावं, वंदे भारतसारख्या गाड्यांसाठी काही खास सोय केली असेल. तसं काही नाही. ही उंची मालासाठी आहे. एकावर एक असे दोन कंटेनर रचलेली मालगाडी या तारेखालून जायची, म्हणून तिच्या माथ्यावर मोकळी जागा ठेवून तार ओढली. प्रवासी गाडीचा हात तिथपर्यंत कसा पोचवायचा, हा विचार नंतरचा.

१२ एप्रिल २०२३ रोजी जयपूरला समारंभ होऊन अजमेर-दिल्ली कँट वंदे भारत सुरू झाली, तेव्हा सरकारी पत्रकात तिचं वर्णन होतं: उंच तारेखाली धावणारी जगातली पहिली सेमी हायस्पीड प्रवासी गाडी. पत्रकातली विशेषणं एरवी वाचून सोडून द्यायची असतात. हे मात्र सोडू नये, कारण जयपूरच्या रेल्वेची सगळी कुंडली त्यात आहे. या शहराच्या वाट्याला प्रवासी वेग जेव्हा जेव्हा आला, तेव्हा तो मालाने पाडलेल्या वाटेवरून आणि मालाने घातलेल्या अटींवर आला. सध्या जयपूरच्या आसपास वेगाच्या नावाने चार वेगवेगळ्या गोष्टी चालल्या आहेत: ही वंदे भारत, सांभर सरोवराजवळचा चाचणी मार्ग, कोट्याकडून जाणारा दिल्ली-मुंबई लोहमार्ग आणि दिल्ली-अहमदाबाद बुलेट ट्रेनचा प्रस्ताव. चौघींना एकाच दमात 'हायस्पीड' म्हटलं जातं. त्यामुळे गोंधळ होतो आणि अपेक्षाही भलत्याच ठिकाणी बांधल्या जातात.

आधी तारेचंच पाहू. गाडीच्या टपावरचा पँटोग्राफ म्हणजे घडी होणारा हात. तो हवेच्या दाबाने वर उठतो आणि त्याच्या माथ्यावरची कार्बनची पट्टी तारेला खालून घासत राहते. दाब कमी पडला की पट्टी क्षणभर तारेपासून सुटते, ठिणगी उडते, तार आणि पट्टी दोन्ही झिजतात. दाब जास्त झाला तर तारच उचलली जाते आणि तिच्यातून पुढे लाट धावते. मागून येणारी पट्टी त्या लाटेवर आपटते. वेग वाढला की हा खेळ आणखी नाजूक होतो. त्यात हात लांब केला की बघायलाच नको. काठीला फडकं बांधून छताचा पंखा पुसताना टोक जसं आपल्या हुकमात राहत नाही, तसंच काहीसं. म्हणून या मार्गासाठी जास्त उंच पोचणारा, तरी हलका राहणारा वेगळा पँटोग्राफ लागला. तारेचं काम सांभाळणाऱ्यांच्या दृष्टीने हे मोठंच काम होतं. एका गाडीचा वेग साधण्यापेक्षा मालगाडी आणि प्रवासी गाडी या दोघींना एकाच तारेखाली नांदवणं जास्त कठीण, आणि ते इथे जमलं आहे.

दुमजली कंटेनर गाडी आणि जयपूर यांचं नातं जुनं आहे. देशात अशी पहिली गाडी धावली ती २००६ साली, गुजरातच्या पिपावाव बंदरातून जयपूरजवळच्या कनकपुऱ्यापर्यंत. तेव्हा या मार्गावर वीज नव्हती, डिझेल इंजिन होतं, म्हणून माथ्यावर आकाश मोकळं होतं. पुढे विद्युतीकरण आलं तेव्हा ही सोय सोडायची की तार वर न्यायची, असा पेच पडला. रेल्वेने तार वर नेली. मार्गावरचे रस्त्याचे पूल, पादचारी पूल, सगळ्यांचा हिशेब नव्याने करावा लागला.

याच्याही मागे जायचं तर मिठापर्यंत जावं लागतं. व्हाइसरॉय लॉर्ड मेयोच्या कारकिर्दीत, १८७० साली, हिंदुस्थानात मोठ्या मार्गांसाठी ब्रॉडगेज आणि खर्च वाचवायचा तिथे मीटरगेज असं धोरण ठरलं. देशातला पहिला मीटरगेज मार्ग १८७३ साली दिल्ली-रेवाडी-फरुखनगर भागात सुरू झाला. मग तो अलवर, बांदीकुई, जयपूर, फुलेरा करत १८७५ पर्यंत अजमेरला पोचला. जयपूर आणि जोधपूर संस्थानांकडून सांभर सरोवराचा मिठाचा पट्टा इंग्रजांनी याच सुमारास करार करून आपल्या ताब्यात घेतला होता. मीठ उत्तरेकडे न्यायचं होतं, त्यावरचा कर हातात ठेवायचा होता. गुलाबी शहरातल्या उतारूंसाठी कोणी रूळ टाकले नव्हते.

स्वस्तातला मार्ग म्हणजे काय, हे इंजिनियर लोकांना विचारावं. टेकडी आली की ती फोडायची नाही, वळसा घालायचा. खोलगट भाग आला की मोठा भराव टाळायचा, बाजूने जायचं. मीटरगेज गाडीला तीव्र वळण चालतं, म्हणून वळणं खुशाल द्यायची. अजमेरच्या कारखान्यात १८९५ साली हिंदुस्थानात बांधलेलं पहिलं वाफेचं इंजिन तयार झालं, याचा राजस्थानला सार्थ अभिमान आहे. पण ते इंजिनही याच वळणावळणाच्या वाटेसाठी होतं. १९९० च्या दशकात मार्ग ब्रॉडगेज झाला, रूळ रुंद झाले, पूल बदलले. मात्र वाट मुख्यतः जुनीच राहिली. आज गाडी कुठे हळू होते, याचं उत्तर कित्येकदा दीडशे वर्षांपूर्वीच्या सर्व्हेयरच्या काटकसरीत सापडतं.

गंमत अशी की जयपूरने जगात नाव काढलं ते सावकाश गाडीने. १९८२ साली सुरू झालेली पॅलेस ऑन व्हील्स तेव्हा मीटरगेजवरच डुलत चालायची आणि पाहुणे त्या डुलण्याचेच पैसे मोजायचे. तिच्यावरून स्फूर्ती घेऊन आपल्याकडे २००४ साली डेक्कन ओडिसी आली. उशीर विकता येतो, हे रेल्वेला राजस्थानने शिकवलं.

आता वंदे भारत. आंतरराष्ट्रीय रेल्वे संघटनेच्या मापाने नव्या मार्गावर ताशी २५० किलोमीटर किंवा जुना मार्ग सुधारून ताशी २०० किलोमीटरच्या आसपास धावणारी गाडी हायस्पीड म्हणायची. वंदे भारत १८० पर्यंत जाऊ शकते, १६० ने चालवायला मंजूर आहे आणि बहुतेक मार्गांवर त्याहूनही कमी वेगाने धावते. म्हणून तिला 'सेमी'. हा शब्द प्रामाणिक आहे, फक्त बातम्यांत तो गळून पडतो.

सुरुवातीच्या वेळापत्रकात ही गाडी अजमेरहून सकाळी ६.२० ला निघून जयपूर, अलवर, गुरुग्राम घेत ११.३५ ला दिल्ली कँटला पोचत असे. सव्वापाच तास. त्याच अंतराला शताब्दीला सव्वासहा तास लागत. म्हणजे एक तास वाचला. जयपूरहून बसणाऱ्याला दिल्ली कँटपर्यंत पावणेचार तास, सरासरी काढली तर ताशी ८० किलोमीटरच्या आसपास. गाडीची क्षमता आणि तिची सरासरी यांतली ही दरी जयपूरपुरती नाही. देशभरातल्या वंदे भारत गाड्यांची सरासरी २०२०-२१ मध्ये ताशी ८४.४८ किलोमीटर होती, ती २०२३-२४ मध्ये ७६.२५ वर आली. गाड्या बिघडल्या नाहीत. सुरुवातीला त्या चांगल्या रुळांवर होत्या, नंतर साध्या रुळांवर गेल्या, आणि वाटेत कामंही चालू होती. गाडी नवी आणून रूळ जुनेच ठेवले की असंच होणार.

जुन्या रुळांचा दुसरा अर्थ म्हणजे उघडी वाट. ही गाडी सुरू होऊन काही दिवसच झाले होते, तोच अलवर जिल्ह्यात तिची एका गाईला धडक बसली, गाय उडून रुळांजवळच्या एका माणसावर पडली आणि तो दगावला. बातमी विचित्र म्हणून सगळीकडे फिरली. विचित्र होतीच, पण तिच्यात एक साधा प्रश्न होता: वेग वाढवण्याआधी कुंपण का नाही? जपानने १९६४ साली तोक्यो-ओसाका मार्ग सुरू केला तेव्हा त्यावर एकही रेल्वे फाटक ठेवलं नाही. वेगाचं पहिलं काम इंजिनात नसतं, वाट बंदिस्त करण्यात असतं. ते काम फोटोत चांगलं दिसत नाही.

स्पर्धा विमानाशी नाही, रस्त्याशी आहे. १२ फेब्रुवारी २०२३ रोजी दिल्ली-मुंबई द्रुतगती महामार्गाचा सोहना-दौसा हा २४६ किलोमीटरचा टप्पा खुला झाला आणि दिल्ली-जयपूर हा पाच तासांचा प्रवास साडेतीन तासांवर आल्याचं सांगितलं गेलं. वंदे भारत त्यानंतर दोन महिन्यांनी आली. जयपूरच्या सिंधी कँप स्टँडवरून सुटणाऱ्या बसला एक फायदा असतो: ती दर थोड्या वेळाने असते. गाडी चुकली तर दुसरी वंदे भारत लगेच नसते. शिवाय दिल्ली कँट म्हणजे नवी दिल्ली नव्हे. कॅनॉट प्लेसला काम असलेल्याने तिथून पुढे मेट्रो-रिक्षाची खटपट करायची, आणि गुरुग्रामच्या कंपन्यांत जाणाऱ्याने मात्र आनंदाने एक स्टेशन आधी उतरायचं. या गाडीचा खरा लाभ गुरुग्रामच्या प्रवाशाला आहे, असं माझं मत. पुढे तिला चंदीगडपर्यंत नेलं. सप्टेंबर २०२५ मध्ये जोधपूर-दिल्ली कँट वंदे भारतही जयपूरमार्गे सुरू झाली. फेऱ्या वाढणं हे माझ्या लेखी वेग वाढण्याइतकंच मोलाचं. तासाला एक गाडी १०० च्या सरासरीने मिळाली, तर १६० ने धावणारी एकच गाडी कोण मागेल?

आणि या सगळ्यात बांदीकुई-दौशाचा अप-डाउनवाला कुठे आहे? तो वंदे भारतला पुढे काढण्यासाठी बाजूला उभ्या केलेल्या पॅसेंजरमध्ये आहे. कर्जत-कसारावाल्यांना हे समजावून सांगायची गरज नाही.

सांभरजवळच्या चाचणी मार्गाची गोष्ट मला सगळ्यांत महत्त्वाची वाटते, आणि तिच्याबद्दल सगळ्यांत कमी बोललं जातं. जयपूरपासून ७०-८० किलोमीटरवर, नावा गावाच्या आसपास, गुढा ते ठठाणा मीठडी असा सुमारे ६० किलोमीटरचा खास मार्ग रेल्वेने उभारायला घेतला. त्यावर तिकीट काढून कोणी बसणार नाही. तिथे फक्त गाड्यांची परीक्षा व्हायची, ताशी २२० किलोमीटरपर्यंत. परीक्षक लखनौची आरडीएसओ, म्हणजे रेल्वेची संशोधन आणि प्रमाणीकरण करणारी संस्था.

आजवर नवा डबा किंवा इंजिन आलं की त्याची चाचणी चालत्या मार्गावर घ्यावी लागे. त्यासाठी ब्लॉक घ्यायचा, इतर गाड्या थांबवायच्या, ठरलेल्या दोन-तीन तासांत जमेल तेवढं मोजायचं आणि रस्ता मोकळा करून द्यायचा. रविवारच्या मेगाब्लॉकमध्ये वाढलेल्या मुंबईकराला यातली अडचण चटकन कळेल. परीक्षेला वेळ अपुरा पडला की निकालही घाईचा येतो. शिवाय चालत्या मार्गावर मुद्दाम वाईट परिस्थिती निर्माण करता येत नाही. गाडी किती हलते हे पाहायचं तर खराब रूळ हवेत, ती वळणावर किती कलते हे पाहायचं तर वेगवेगळ्या त्रिज्यांची वळणं हवीत, थांबायला किती अंतर लागतं हे पाहायचं तर लांबलचक सरळ पट्टा हवा आणि पुढे कोणी नको. सांभरच्या मोकळ्या, सपाट, खारट माळावर हे सगळं एकत्र मांडता येतं. एक मुख्य सरळ मार्ग, गुढ्याजवळ वेगासाठी मोठा वळसा, मीठडीकडे वळणांच्या परीक्षेसाठी दुसरा. वरून काढलेल्या फोटोत तिथले रूळ नागमोडी दिसतात, तेव्हा लोक हसून विचारतात, कंत्राटदाराने हे काय केलं? ते वाकडेपण मुद्दाम दिलेलं आहे.

चेक देशात वेलिम इथे १९६० च्या दशकापासून तेरा किलोमीटरचं असंच एक रिंगण आहे. युरोपातल्या अनेक कंपन्यांच्या गाड्या तिथे जाऊन उत्तीर्ण होतात, कंपन्या त्याचं भाडं देतात. अमेरिकेत कोलोरॅडोच्या प्वेब्लोजवळ तसंच मोठं केंद्र आहे. आपल्याकडे चेन्नईच्या कारखान्यात वंदे भारत घडते, मेट्रोचे डबेही बनतात, ते परदेशी विकायची भाषाही होते. पण विकणाऱ्याला परीक्षेचा दाखला दाखवावा लागतो. सांभर तो देऊ शकेल. ज्या माळावरून मीठ उचलायला रूळ आले, तिथे आता देशातल्या गाड्यांना जोखलं जाणार. जयपूरचा उतारू इथेही नाहीच, पण या खेपेला मला त्याची तक्रार वाटत नाही.

कोट्याचा मार्ग थोडक्यात. मुंबई सेंट्रलहून जयपूरला जाणारी सुपरफास्ट रतलाम, कोटा करत सवाई माधोपूरला दिल्लीचा मुख्य मार्ग सोडते आणि जयपूरकडे वळते. सवाई माधोपूरपर्यंतचा भाग देशातल्या उत्तम रुळांपैकी आहे. सवाई माधोपूर-कोटा या १०८ किलोमीटरवर सप्टेंबर २०२४ मध्ये कवच ही टक्कररोधक यंत्रणा तिच्या चौथ्या आवृत्तीत सुरू झाली. कोटा विभागातच जानेवारी २०२५ मध्ये वंदे भारत स्लीपर १८० ने पळवून पाहिली आणि टेबलावरचा पाण्याचा काठोकाठ ग्लास सांडला नाही, तो व्हिडिओ सगळ्यांनी पाहिला. पण जयपूरला येणाऱ्याला या रुळांचा फायदा सवाई माधोपूरपर्यंतच. पुढची शाखा वर्षानुवर्षं एकेरी राहिली, समोरून गाडी आली की थांबा. मुंबई-जयपूर प्रवासाचे दोन तास कमी करायचे तर बुलेटची वाट पाहण्यापेक्षा या शाखेचं दुहेरीकरण लवकर झालेलं बरं.

राहिली बुलेट. नॅशनल हायस्पीड रेल कॉर्पोरेशनच्या यादीत दिल्ली-अहमदाबाद हा सुमारे ८८० किलोमीटरचा मार्ग आहे. जयपूर, अजमेर, भिलवाडा, उदयपूर करत तो अहमदाबादला मुंबईच्या मार्गाला भेटायचा आहे. नकाशावर हात ठेवून माणूस म्हणतो, मग बीकेसीत बसायचं आणि जयपूरला उतरायचं. हिशेब करून पाहावा. मुंबई-अहमदाबाद ५०८ किलोमीटर, जलद गाडीला दोन तास सात मिनिटं सांगितली आहेत. त्याच वेगाने जयपूरपर्यंतच्या अकराशेच्या आसपास किलोमीटरना साडेचार ते पाच तास. विमान दोन तासांच्या आत नेतं. विमानतळावरचा वेळ धरला तरी फार तर बरोबरी. जगभरचा अनुभव असा की रेल्वे विमानाला हरवते ती तीन तासांच्या आत, चारपर्यंत ओढाताण चालते, पुढे विमान. तोक्यो-ओसाका ५१५ किलोमीटर, १९८१ चा पॅरिस-लियाँ मार्ग ४२७, १९९२ चा माद्रिद-सेव्हिल ४७१. यशस्वी ठरलेले मार्ग बहुधा याच टप्प्यातले. दिल्ली-जयपूर सुमारे ३०० किलोमीटर आहे. सव्वा ते दीड तास. तिथे ना विमान टिकेल ना महामार्ग.

म्हणजे जयपूरला बुलेट शोभेल ती दिल्लीशी, मुंबईशी नव्हे. हे म्हणताना मराठी वाचकाला वाईट वाटू नये. पुण्यालाही मुंबईशीच शोभेल.

पैशांचं सांगायचं तर मुंबई-अहमदाबादचा मूळ अंदाज १ लाख ८ हजार कोटींचा होता, म्हणजे किलोमीटरला २०० कोटींच्या वर. त्यातला ८१ टक्के भाग जपानने ०.१ टक्का व्याजाने पन्नास वर्षांसाठी दिला. असा सावकार पुन्हा भेटेलच असं नाही. त्या जुन्या दरानेही दिल्ली-जयपूरला साठ हजार कोटींच्या पुढे जातात. आणि वेळ? १४ सप्टेंबर २०१७ रोजी भूमिपूजन झालं, तेव्हा पाच-सहा वर्षांत गाडी धावेल असं बोललं जात होतं. गुजरातेत खांब उभे राहत गेले आणि आपल्याकडे जमिनीपाशी गाडं अडलं. विक्रोळीच्या जागेचा वाद उच्च न्यायालयात जाऊन त्याचा निकाल फेब्रुवारी २०२३ मध्ये लागला. बीकेसी ते शिळफाटा हा २१ किलोमीटरचा बोगदा, त्यातला ७ किलोमीटर ठाण्याच्या खाडीखालून, तो त्यानंतरचा. समर्पित मालवाहू मार्गाचंही तेच. हरियाणा-राजस्थानातला रेवाडी-मदार हा ३०६ किलोमीटरचा टप्पा जानेवारी २०२१ मध्येच खुला झाला, दीड किलोमीटर लांबीची दुमजली गाडी त्यावरून धावली, आणि सगळ्यांत शेवटी उरला तो वैतरणा ते जेएनपीटी हा आपला शंभरेक किलोमीटरचा तुकडा. राजस्थानात जमीन मोकळी आणि लोकवस्ती विरळ आहे, तिथलं काम महाराष्ट्रापेक्षा लवकर उरकेल, हे जवळपास नक्की. अपवाद उदयपूरच्या आजूबाजूच्या डोंगरांचा.

म्हणून अख्खा ८८० किलोमीटरचा मार्ग एका घासात घेऊ नये. मुंबई-अहमदाबादेत सुरत-बिलिमोरा हा मधलाच तुकडा आधी सुरू करायचं ठरलं, कारण तिथे काम पुढे गेलेलं होतं. त्या दोन स्टेशनांत ताशी ३२० ने रोज ये-जा करणारा उतारू किती असेल, हे ज्याने त्याने मनाशी ठरवावं. दिल्ली-जयपूर या तुकड्याची तशी अडचण नाही. दोन्ही टोकांना मोठी शहरं आहेत, मध्ये गुरुग्राम आणि बहरोड-नीमराण्याचा कारखान्यांचा पट्टा आहे, आणि उदयपूरचे बोगदे यायचे तेव्हा येतील. शिवाय बुलेटचा गेज १४३५ मिलिमीटर, आपला १६७६. म्हणजे ही गाडी जुन्या स्टेशनात शिरू शकणार नाही, नवं स्टेशन लागणार. राजस्थान सरकारने आतापासून भांडायचं असेल तर या स्टेशनच्या जागेसाठी भांडावं. अशी स्टेशनं स्वस्त जमिनीच्या मोहाने शहराबाहेर, रिंगरोडपलीकडे जातात. तसं झालं तर दिल्लीहून सव्वा तासात आलेला माणूस जुन्या शहरातल्या चांदपोलला पोचायला पुढचा पाऊण तास रिक्षात बसेल, आणि महामार्गावरची बस मात्र त्याला थेट सिंधी कँपला उतरवेल.